साथीदाराचं नाव शेवटी

अण्णांना आता जवळजवळ काहीच ऐकू येत नाही हे मधुवंतीला जुलैमधल्या एका दुपारी कळलं, आणि कळूनही ती मूग गिळून बसली. पुढे जे झालं त्याचं मूळ तिथे आहे. उगाच कीबोर्डला, हॉलला किंवा त्या बिचाऱ्या जर्मन सिनेमाला बोल लावण्यात अर्थ नाही.

अण्णा म्हणजे चंद्रशेखर आठल्ये, तिचे सासरे. वय वर्षं चौऱ्याहत्तर. पुण्यात दिवसा वीज मंडळात नोकरी आणि संध्याकाळी संगीत नाटकांना ऑर्गनची साथ, असं चाळीस वर्षं चाललं. मग नाटकं कमी झाली, सासूबाई गेल्या, ऑर्गन एका शाळेला देऊन टाकला आणि रुचिरने वडिलांना मस्कतला आणलं. त्यालाही आता चार वर्षं झाली. रुचिर रुसैलच्या एका कारखान्यात मोठ्या हुद्द्यावर, सकाळी सहाला बाहेर पडला की अंधार पडल्यावरच उगवणार. अल खुवैरच्या त्या फ्लॅटमध्ये दिवसभर दोघंच, सासरा आणि सून. सून आतल्या खोलीत लॅपटॉपसमोर मीटिंगा करत बसायची आणि अण्णा बाहेर एसीखाली शाल पांघरून. बाहेर पंचेचाळीस डिग्री आणि घरात शाल, अशी तऱ्हा.

माणूस नुसता बसून बसून खंगेल म्हणून रुचिरने कीबोर्ड आणून दिला. मीटिंगमध्ये सूर नकोत म्हणून मधुवंतीने हेडफोन आणले. हेडफोनची वायर कीबोर्डच्या मागच्या भोकात एकदा खुपसली ती कायमचीच. ती खुपसलेली असली की कीबोर्डचा आवाज फक्त कानातल्या हेडफोनमध्ये जातो, बाहेर टाचणी पडल्याएवढाही येत नाही. हे नीट लक्षात ठेवा.

बाहेर यायचा तो आवाज पायांचा. ऑर्गनला भाता असतो आणि तो पायांनी मारावा लागतो. पाय थांबले की सूर मेला. कीबोर्ड विजेवर चालतो, त्याला पायांचं काही काम नाही, पण हे चाळीस वर्षं भाता मारलेल्या पायांना कोण सांगणार? सूर लागला की अण्णांचे पाय चालू व्हायचे, डावा, उजवा, डावा, उजवा. खालच्या मजल्यावरची रुबिना एक दिवस वर आली. हैदराबादची, तोंडाने फटकळ पण मनाने चांगली. "भाभी, आप लोग दोपहर को कुछ कूटते हैं क्या? ऊपर से धप-धप आती है," म्हणाली. मधुवंतीने तिला चहा पाजला, अण्णांचे पाय दाखवले आणि खाली एक जाड सतरंजी घातली. तरी धप धप व्हायचीच, जरा कमी.

तर ती जुलैमधली दुपार. मधुवंती चहा घेऊन बाहेर आली. अण्णा डोळे मिटून वाजवत होते, मान हलत होती, पाय चालू होते, चेहरा कसा निवलेला. आणि कीबोर्डवरचा लाल दिवा बंद होता. सकाळी इस्त्रीसाठी तिनेच प्लग काढला होता आणि परत लावायला विसरली होती. म्हणजे अण्णा मेलेल्या कीबोर्डवर वाजवत होते, आणि तिने आतून धप धप ऐकली होती त्या हिशोबाने निदान अर्धा तास.

ती समोर जाऊन उभी राहिली आणि म्हणाली, "अण्णा, प्लग काढलेला आहे." त्यांनी तिच्या ओठांकडे पाहिलं, मग भिंतीकडे, मग स्वतःच्या हातांकडे.

"रुचिरला सांगू नकोस," ते म्हणाले. "मार्चमध्ये मी एकटाच टॅक्सीने जाऊन डॉक्टरला दाखवून आलो, दोन्ही कानांच्या नसा गेल्यात. कानाचं यंत्र तिथेच लावून बघितलं, पत्र्यावर खडे ओतल्यासारखं होतं नुसतं. पण मला आत सगळं ऐकू येतं गं मधू. एकेक सूर स्वच्छ. आधी यायचं त्याहून बरं." मग चहाची कपबशी हातात घेऊन म्हणाले, "फक्त ते एकदा दुसऱ्या कोणालातरी ऐकू गेलं पाहिजे. एकदाच. चार वर्षांत माझा एक सूर कोणाच्या कानावर पडलेला नाही. तेवढं झालं की जाऊ देत खुशाल कान."

रुचिरला कळलं असतं तर त्याने त्यांना डॉक्टरकडे, मशीनकडे, पुन्हा डॉक्टरकडे फरफटत नेलं असतं, आणि कीबोर्ड माळ्यावर गेला असता. म्हणून मधुवंती गप्प राहिली. आपण भलं करतोय असंच तिला वाटलं. भलं करणाऱ्यांना नेहमी तसंच वाटतं.

सप्टेंबरात क्षितिज आला. कुरुममधल्या एका कन्सल्टन्सीत इंजिनियर, मूळचा कोथरूडचा, तिशीचा, जुन्या सिनेमांचं भयंकर वेड. त्याने आणि दोन जर्मन मंडळींनी मिळून एक फिल्म क्लब काढला होता. महिन्यातून एकदा, गुरुवारी, कुरुमला एका छोट्या हॉलमध्ये सिनेमा. लहानपणी आजोबांबरोबर नाटकाला गेल्यावर तो अण्णांना वाकून बघायचा म्हणे, रंगमंचाच्या पुढे खाली, अंधारात बसलेल्यांना. तो लॅपटॉप घेऊनच आला होता.

"काका, जर्मन मूकपट आहे. शंभर वर्षांपूर्वीचा. पूर्वी अशा सिनेमांना थिएटरात बसून कोणीतरी साथ करायचं. तुम्ही कराल?"

हे सगळं त्याने मधुवंतीकडे बघत म्हटलं, त्यामुळे अण्णांना ओठ दिसले नाहीत. तिने तेच पुन्हा त्यांच्याकडे तोंड करून सांगितलं. त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं ते बघून तिला रडूच फुटायचं बाकी होतं.

सिनेमाचं जर्मन नाव हातभर लांब होतं. घरात त्याला सगळे काचघराचा सिनेमाच म्हणू लागले. सिनेमाच्या धंद्याची नुकती सुरुवात झाली तेव्हाची गोष्ट. त्या वेळी दिवे पुरेसे नव्हते, म्हणून इमारतीच्या गच्चीवर अख्ख्या काचेची खोली बांधायची आणि उन्हात शूटिंग करायचं. त्या काचघराच्या खाली तळघर. तिथे पोरी रांगेने बसून फिल्मच्या पट्ट्या कापायच्या आणि चिकटवायच्या. त्यातली एक पोरगी. एकदा वरची नटी आजारी पडते, मालक खाली येतो, या पोरीची हनुवटी धरून चेहरा उजेडाकडे करतो आणि तिला वर नेतो. पोरगी मोठी नटी होते. पुढे दुसरा नवा चेहरा सापडतो आणि हिला पुन्हा खाली तळघरात बसवतात. शेवटच्या दृश्यात तिच्या टेबलावर तिच्याच सिनेमाची पट्टी येते. त्यातला तिचा चेहरा कापून टाकायचा हुकूम असतो.

अण्णांनी तो सिनेमा तीन महिन्यांत साठएक वेळा तरी पाहिला. लॅपटॉप समोर ठेवून, हेडफोन लावून, पाय आपटत. राग मारवा कुठे, पिलू कुठे, तळघराला कुठली स्वरपट्टी, काचघराला कुठली, सगळं एका वहीत लिहून ठेवलं. मधुवंतीला म्हणायचे, "यात ऐकायचं असं काही नाहीच. सगळं बघायचं. माझ्यासाठीच करून ठेवलाय बघ कोणीतरी." शेवटच्या दृश्याचं मात्र काही सांगेनात. वहीत ती जागा कोरी होती. "शेवट तिथेच ऐक," म्हणायचे.

एकाच गोष्टीवरून क्षितिजशी त्यांचं वाजलं. क्षितिज म्हणत होता की सुरुवातीला स्टेजवरून सांगू, आज चंद्रशेखर आठल्ये लाइव्ह संगीत देणार आहेत. अण्णा हटून बसले. "आमच्यात तसं नाही. साथीदाराचं नाव शेवटी घेतात. आधी लोकांना नाटक बघू दे. साथ बरी असेल तर आपोआप विचारतील, कोण होता म्हणून. आणि नसेल बरी, तर नाव घेऊन काय उजेड पडणार आहे?" क्षितिजने मधुवंतीकडे पाहिलं. मधुवंती म्हणाली, "राहू दे रे, त्यांच्या मनासारखं होऊ दे." झालं. तेही तिनेच केलं.

डिसेंबरचा तो गुरुवार. रुचिरच्या कारखान्यात शटडाऊन, म्हणजे दुरुस्तीची रात्रंदिवस कामं, त्याला येणं जमणार नव्हतं. मधुवंतीने सुट्टी टाकली आणि चार वाजताच अण्णांना घेऊन हॉलवर गेली. अण्णांनी कोशाचं जाकीट घातलं होतं, पुण्याहून आणल्यापासून पहिल्यांदा. ऐंशी खुर्च्या, खाली गालिचा, समोर पडदा, मागे काचेची बंद केबिन. कीबोर्ड पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात लावला. प्रेक्षकांना अण्णांची पाठ आणि वहीवर पडणारा छोट्या दिव्याचा उजेड दिसेल, एवढंच. अण्णांनी वाजवून पाहिलं. हॉल भरून आवाज आला. क्षितिजने शेवटच्या रांगेतून दोन्ही अंगठे वर केले. अण्णांनी एक हात सोडवून कीबोर्डच्या अंगाला तळवा टेकवला आणि थरथर चाचपून पाहिली. ऑर्गनचं लाकूड कसं छातीपर्यंत थरथरतं, हाताने बघावं लागत नाही. कीबोर्डचं प्लास्टिक असं मुद्दाम हात लावल्याशिवाय काही सांगत नाही.

तोपर्यंत सगळं ठीक होतं. सव्वासहाला लोक येऊ लागले. भारतीय कुटुंबं, काही जर्मन, चार-पाच ओमानी तरुण. अण्णांना सुरुवातीची जागा एकदा परत करून बघायची होती. लोकांसमोर कसली प्रॅक्टिस, म्हणून मधुवंतीने पिशवीतून हेडफोन काढले, वायर स्वतःच्या हाताने मागे खुपसली आणि त्यांच्या कानावर ठेवले. म्हणाली, "यावर करा." त्यांनी केलं. साडेसहाला क्षितिजने ठरल्याप्रमाणे दिव्यांची तीनदा उघडझाप केली. अण्णांनी हेडफोन काढून पायाशी ठेवले. वायर तशीच राहिली. घरी ती कधी काढायची वेळच आलेली नव्हती, ना त्यांच्यावर, ना तिच्यावर.

अंधार झाला. पडद्यावर तळघर आलं, पट्ट्या वाळत घातलेल्या दिसल्या. अण्णांची बोटं खाली आली.

आणि काहीच ऐकू आलं नाही.

मधुवंतीला पहिल्यांदा वाटलं, अण्णा मुद्दाम हळू वाजवतायत. मग वाटलं, आपलेच कान बसले. मग तिला कीबोर्डच्या पट्ट्यांची खटखट ऐकू आली, अगदी बारीक, आणि गालिच्यावरची धप धप. तिला सगळं एका क्षणात कळलं, वायर, भोक, स्वतःचा हात, सगळं.

उठायला हवं होतं. ती तिसऱ्या रांगेत होती. वीस पावलं चाललं की वायर उपसता आली असती. पण वीस पावलं पडद्यासमोरून, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत. आणि वायर उपसली की मध्येच धाडकन आवाज येणार, ऐंशी माणसं दचकणार, आणि त्यांना कळणार की हा म्हातारा इतका वेळ मुक्याने वाजवत होता आणि त्याला पत्ता नव्हता. बहिरा आहे, बहिरा. उद्या मस्कतभर होईल. रुचिरला कळेल. तिने ठरवलं, पडद्यावर पुढची जर्मन मजकुराची पाटी आली की उठायचं. पाटी आली. तिने ठरवलं, ही नको, पुढची. मग पुढची आली. तोपर्यंत दहा मिनिटं झाली होती, आणि दहा मिनिटांनी उठणं हे पहिल्या मिनिटाला उठण्यापेक्षा दहापट अवघड होतं. तिने पदराखाली फोन धरून क्षितिजला लिहिलं, "आवाज येत नाहीये, वायर." केबिनमध्ये क्षितिजचा फोन बंद होता. मेसेजवर एकच खूण आली आणि तशीच राहिली.

बरं, लोकांचं काय? लोकांचं काहीच नाही. मूकपट बघायला आले होते, मुका होता, संपलं. हेच तर सगळ्यात वाईट होतं. एकालाही काही चुकतंय असं वाटलं नाही. कोणी खोकलं, कोणी खुर्ची सरकवली, एकाने वेफर्सचं पाकीट फोडलं. शेजारी रुबिना बसली होती, मधुवंतीनेच आग्रहाने आणलेली. ती पंधरा मिनिटांनी कानाशी लागली.

"अंकल का कब है?"

"बाद में," मधुवंती म्हणाली.

"अभी क्या कर रहे हैं वहाँ?"

"तैयारी."

पडद्यावर मालकाने पोरीची हनुवटी धरली आणि चेहरा उजेडाकडे केला. अण्णांची पाठ ताठ झाली, उजवा हात वरच्या सुरांकडे धावला. ही जागा मधुवंतीला माहीत होती. इथे पिलू. तीन महिने तिने वहीत वाचलं होतं, पण ऐकलं कधीच नव्हतं, कारण घरी ते हेडफोनमध्ये असायचं. आज ऐकायला मिळणार म्हणून ती आली होती. तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागलं. काचघर उन्हाने भरून गेलं, पोरगी नाचली, लोक हसले, अण्णा घामाघूम होऊन वाजवत राहिले, आणि हॉलमध्ये एसीची घरघर आणि ती धप धप. स्वतःला तिने मनातल्या मनात काय काय शिव्या घातल्या त्या इथे लिहिण्यासारख्या नाहीत.

तासाभराने पोरीला पुन्हा तळघरात आणून बसवलं. शेवट जवळ आला. वहीतल्या कोऱ्या जागेचा शेवट. त्यात अण्णा काय वाजवणार ते ऐकू येणार नाही, आणि ते वाजवताना त्यांची पाठ बघत बसायचं, हे मधुवंतीला सोसेना. "वॉशरूम," एवढं रुबिनाला पुटपुटून ती वाकून बाजूच्या दाराने बाहेर पडली. बेसिनचा नळ सोडून ठेवला आणि तोंडावर रुमाल दाबून रडली. किती वेळ, कोण जाणे. तोंड धुऊन परत दारापाशी आली तर दिवे लागत होते.

टाळ्या वाजल्या. सिनेमाला वाजतात तशा, बेताच्या. क्षितिज केबिनमधून धावत पुढे आला, माइक घेतला आणि अण्णांना दिलेल्या शब्दाप्रमाणे शेवटी नाव घेतलं. सिनेमाला संपूर्ण वेळ ज्यांनी लाइव्ह संगीताची साथ केली ते पुण्याचे ज्येष्ठ वादक चंद्रशेखर आठल्ये, असं त्याने इंग्रजीत म्हटलं. लोकांनी एकमेकांकडे पाहिलं. मागच्या रांगेत कोणीतरी विचारलं, कुठलं संगीत? पण माणूस म्हातारा, कोशाचं जाकीट घातलेला, दिव्याशेजारी उभा राहिलेला. लोक सभ्य होते. त्यांनी पुन्हा टाळ्या वाजवल्या, या खेपेस जास्त. अण्णांनी हात जोडले आणि सगळ्या बाजूंना वाकून नमस्कार केला. चेहऱ्यावर काहीच नव्हतं. मधुवंतीला वाटलं, दमलेत.

"ताई, कसं झालं?" क्षितिज तिच्यापाशी आला. "आत प्रोजेक्टरच्या पंख्याचा एवढा आवाज असतो, मला एक सूर ऐकू आला नाही. फार वाईट वाटतंय."

"छान झालं," मधुवंती म्हणाली. तोंडातून गेलं ते गेलं.

एक पांढऱ्या दाढीचा जर्मन अण्णांचा हात हातात घेऊन बराच वेळ हलवत होता. मुक्या सिनेमाला मुका वादक, वाजवण्याचा नुसता अभिनय, काय धाडसी कल्पना आहे, असं तो म्हणत होता. अण्णा त्याच्या ओठांकडे बघत मान डोलावत होते. हॉलचा ओमानी रखवालदार किल्ल्या वाजवत आला, "यल्ला, खलास," म्हणाला आणि लोक पांगले. रुबिना तिच्या नवऱ्याबरोबर गेली. मधुवंती गाडी दाराशी आणायला गेली आणि आणून बघते तो अण्णा सगळं आवरून, कीबोर्ड पिशवीत घालून, पायरीवर उभे. तिने पिशवी मागच्या सीटवर ठेवली. ते पुढे बसले.

गाडी चालू करण्याआधी तिने आतला दिवा लावला आणि त्यांच्याकडे तोंड केलं. सवयच झाली होती तशी.

"दमलात का अण्णा?"

"नाही. शेवट कसा वाटला?"

तिला काय माहीत शेवट? ती नळ सोडून रडत होती. पण वही कोरी असली तरी पुण्यातली नाटकं तिनेही पाहिली होती, आणि शेवटी सगळे काय वाजवतात ते शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

"भैरवी फार सुंदर झाली," ती म्हणाली.

अण्णांनी तिच्या ओठांवर शब्द संपेपर्यंत नजर ठेवली. मग जाकिटाच्या खिशात हात घातला आणि हेडफोनची गुंडाळलेली वायर काढून मांडीवर ठेवली.

"ती कात्री हातात घेते ना, तेव्हा पायात काहीतरी अडकलं," ते शांतपणे म्हणाले. "पाय हलतात ना माझे. वायर होती. हात घालून बघितलं तर मागे खुपसलेली. म्हणजे पहिल्यापासूनच." "तेव्हाच उपसून वाजवता आलं असतं. चार मिनिटं उरली होती. पण म्हटलं, बघू. हात मांडीवर ठेवून बसलो. एका माणसाने मान वळवली नाही, मधू. वाजवत होतो तेही त्यांना कळलं नाही आणि थांबलो तेही नाही."

मधुवंतीने वायर हातात घेतली.

"मग म्हटलं, एकीला तर कळलं असेल. म्हणून मी मागे वळलो. तुझी खुर्ची रिकामी होती."

त्यांनी हात लांब करून स्वतःच आतला दिवा बंद केला.

तिने गाडी रस्त्यावर घेतली. गाडी चालवता चालवता ती बोलू लागली, आणि सुरू झाली ती थांबेना. वायर मीच खुपसली, मला पहिल्या मिनिटाला कळलं होतं, मला उठता आलं नाही, लोक तुम्हाला बहिरा म्हणतील याची मला भीती वाटली, मी घाबरट आहे अण्णा, तुमचं एकच मागणं होतं आणि ते मी घालवलं. सगळं सांगितलं, नाक ओढत, समोर रस्त्याकडे बघत. आणि रस्त्याकडे बघून बोललेलं अण्णांना कळत नाही हे तिला कुरुमच्या सिग्नलपाशी आठवलं. सिग्नल लाल होता. तिने वळून त्यांच्या हातावर हात ठेवला. ते खिडकीतून बाहेर बघत होते. तिने हात दाबला. त्यांनी काचेवरून नजर काढली नाही. तिने पुन्हा दाबला तेव्हा वळले, पण तिच्याकडे नाही, समोर.

"हिरवा झाला," म्हणाले.

ते तिला टाकून बोलले नाहीत पुढे कधी, की तो विषयही काढला नाही. रुचिरला क्षितिजकडून कळलं की कार्यक्रम उत्तम झाला, तो खूश झाला. मधुवंतीने तीनदा कागदावर सगळं लिहून काढलं आणि तीनदा फाडलं. कीबोर्ड पिशवीतून बाहेर निघाला नाही. ती एकदा काढायला गेली तर अण्णांनी मान हलवली आणि शाल घेऊन एसीखाली जाऊन बसले. आतलंही ऐकू येतं की तेही बंद झालं, हे विचारायची तिची छाती झाली नाही.

पंधरा दिवसांनी रुबिना वर आली. हातात झाकलेली ताटली होती, गाजरहलव्याची. दारातूनच तिने आत वाकून पाहिलं.

"अंकल की तबीयत ठीक है ना, भाभी?"

"ठीक है. क्यों?"

"नहीं, वो दोपहर की धप-धप नहीं आती अब," रुबिना म्हणाली. "आदत हो गई थी. मैं काम छोड़ के सुनती थी."

मधुवंतीने ताटली घेतली. आत अण्णा दाराकडे पाठ करून बसले होते. रुबिना काय म्हणाली ते त्यांना सांगायला हवं, हे तिला कळत होतं. ती ताटली घेऊन तिथेच उभी राहिली.